बांधावरचा डायरेक्टर

डायरेक्टरांच्या बसायच्या दोन जागा ठरलेल्या होत्या आणि एका जागेवरचं काम दुसऱ्या जागेवर केलेलं त्यांना चालत नसे. मागच्या दारी, शेताकडे तोंड करून, एक लाकडी स्टूल. त्यावर बसले की ते कलावंत. पुढच्या पडवीत लाल प्लॅस्टिकची खुर्ची. तिच्यात बसले की ते मालिकेचे लेखक. सकाळी स्टूल, दुपारी खुर्ची. त्यांच्या चेक देशात ऑफिसं उघडेपर्यंत आपली जेवणं उरकलेली असतात, त्यामुळे सकाळ कलेसाठी मोकळी राहायची. बारा वाजून गेले की ते स्टुलावरून उठायचे, घरातून चालत पुढे यायचे आणि तेवढ्या पंधरा पावलांत माणूस बदलायचा. ते स्टुलावर असताना मी एखादी हकिगत सांगायला लागलो तर हात वर करून म्हणायचे, "काय झालं ते सांगू नकोस. तो उंबरठा कसा दिसत होता तेवढं सांग." खुर्चीत असले की हाच माणूस पुढे झुकून विचारायचा, "मग? मग पुढे काय?"

भाज्याला ते आले होते लेणी बघायला. पुण्यात कुठल्याशा संस्थेत सिनेमा शिकणाऱ्या मुलांपुढे त्यांची चार व्याख्यानं होती, त्यातला एक रविवार मोकळा मिळाला. लेणी बघून उतरताना पाऊस लागला म्हणून हौसामावशीच्या पडवीत उभे राहिले. मावशीने चहा दिला, मागच्या दारातून शेत दाखवलं, आणि डायरेक्टर जे त्या दारात बसले ते चार महिने उठले नाहीत. त्यांचं आडनाव उच्चारायला आमच्या गावात कुणाची जीभ वळली नाही, म्हणून ते सगळ्यांचे डायरेक्टरच राहिले. मावशीचे मात्र 'पाव्हणं'.

मी त्या वेळी घरीच बसलो होतो. तळेगावच्या ज्या कंपनीत मी क्वालिटीला होतो ती बंद पडली होती. ऑडिटला परदेशी साहेब यायचे, तेव्हा हा माल आम्ही का नाकारला हे त्यांना समजावून सांगण्याइतकं इंग्रजी मला येत होतं. विहाराजवळच्या आमच्या घरी मावशीने निरोप धाडला, "त्या पाव्हण्याला काय पायजे ते जरा इचारून जा." मी विचारायला गेलो आणि दुभाषी होऊन बसलो.

"मी स्वतंत्र दिग्दर्शक आहे," डायरेक्टरांनी पहिल्याच दिवशी सांगितलं.

"स्वतंत्र म्हणजे?"

"म्हणजे मी काय करतो ते कुणी विचारत नाही."

पहिली फिल्म त्यांनी सत्ताविसाव्या वर्षी केली. तिला एक काचेचं बक्षीस मिळालं. मग लग्न झालं, मुलगी झाली, दुसरी फिल्म अर्ध्यावर राहिली आणि तात्पुरतं म्हणून त्यांनी टीव्हीसाठी लिहायला घेतलं. तेव्हा मुलगी बालवाडीत होती. आता त्या मुलीची मुलं बालवाडीत होती, आणि डायरेक्टरांचं तात्पुरतं अजून चालूच होतं. गेली अकरा वर्षं ते एकच मालिका लिहीत होते. त्यांच्याकडच्या एका खेड्याची गोष्ट. त्यात दर चार मिनिटांनी कुणीतरी दार उघडून येतं आणि वाईट बातमी सांगतं, असा नियम होता. त्यांच्या फिल्मचाही एक नियम होता. तिच्यात काहीच घडता कामा नये.

ती पहिली फिल्म त्यांनी एकदा आम्हाला शाळेच्या वर्गात भिंतीवर चादर लावून दाखवली. काळी-पांढरी होती. एक म्हातारा एका थांब्यावर बसची वाट बघतो. दीड तास बघतो. बस येत नाही. अर्ध्या तासात वर्ग रिकामा झाला. मी दुभाषी, मला उठता येईना. शिवाय भाषांतर करायला त्यात कुणी बोलतही नव्हतं. शेवटपर्यंत मन लावून बसला तो एकच माणूस, आमचा मामा, आंदर मावळातून आलेला. दिवे लागल्यावर त्याने चादरीकडे बघत सुस्कारा सोडला. "न्हाईच आली व्हय गाडी? आमच्याकडं बी असंच हाय. त्यानं चालत निगाया पायजे व्हतं." मी हे डायरेक्टरांना इंग्रजीत सांगितलं. त्यांनी मामाचे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ सोडले नाहीत. आपल्या कामाची एवढी अचूक समीक्षा आजवर कुणी केली नव्हती, असं त्यांचं म्हणणं पडलं. मामाला वाटलं पाहुण्याला बरं वाटत नाहीये.

त्यांच्या सवयींनी मावशीचा जीव मेटाकुटीला यायचा. त्यांच्याकडे घरात आलेल्या माणसाला घरात घालायच्या वेगळ्या सपाता देतात. डायरेक्टरांनी लोणावळ्याच्या बाजारातून लहान-मोठ्या सहा जोड आणून दाराशी ओळीने मांडले. मावशी आपल्याच घरात भाड्याने दिलेल्या खोलीकडे चहा घेऊन गेली की ते लगबगीने वाकून तिच्या पायांपुढे सपाता ठेवायचे. घरात, तेही चुलीपासून चार हातांवर, पायात काहीतरी घालायचं! मावशी चहा दारातूनच सरकवायला लागली. डायरेक्टरांना वाटायचं आपल्या आदरातिथ्यात काहीतरी कमी पडतंय, म्हणून त्यांनी सातवा जोड आणला, लोकरीचा.

अळंब्यांचं तसंच. लहानपणापासून रानात जाऊन अळंब्या गोळा केलेला माणूस; त्यांच्या देशात सगळेच करतात म्हणे. श्रावणात एके दिवशी डोंगरावरून टोपली भरून आणली. प्रत्येक अळंबीचं त्यांच्या भाषेतलं नाव मला सांगितलं, कोणती लोण्यात परतायची, कोणती सुकवायची. मावशी आली, टोपलीत हात घातला आणि एकेक अळंबी उकिरड्यावर भिरकावत गेली. "ही इखारी. ही इखारी. ही तर बगू बी नगं." टोपलीत चार राहिल्या. त्या चार तिने भाजून दिल्या आणि डायरेक्टर बालवाडीतल्या मुलासारखे मुकाट्याने जेवले.

आता फिल्मबद्दल. भाज्यात त्यांना दिसली ती लेणी नव्हेत, धबधबा नव्हे. त्यांना दिसला मावशीच्या मागच्या दारासमोरचा बांध. दोन भातखाचरांच्या मधला, हातभर रुंदीचा, गवताचा. अलीकडचं खाचर मावशीचं, पलीकडचं तिच्या थोरल्या भावाचं, आबाचं. "जगातली सगळ्यात सुंदर रेष," डायरेक्टर म्हणाले. त्यांनी स्टुलाशेजारी कॅमेरा उभा केला आणि रोज सकाळी त्या बांधाचं चित्रण सुरू केलं. कॅमेरा हलणार नाही, वळणार नाही. लावणीपासून कापणीपर्यंत नुसता बांध. रविवारी सुट्टी घ्यावी लागायची, कारण धबधब्याला आलेली मंडळी नेमकी त्याच बांधावर ओळीने उभी राहून फोटो काढायची. एका रविवारी डायरेक्टर हातवारे करत त्यांना हाकलायला धावले, तर त्यांच्याच हातात मोबाइल देऊन एकाने सांगितलं, "अंकल, एक पिक. पूर्ण ग्रुप आला पाहिजे." त्यांनी तो काढून दिला. पोरांचे पाय आले, डोकी आली नाहीत, बांध मात्र फार सुंदर आला.

त्या बांधाची खरी हकिगत त्यांना ठाऊक नव्हती. मावशीच्या वडिलांनी लेकीला चोळीबांगडी म्हणून ते एक खाचर दिलं होतं. लग्नही गावातच, त्यामुळे कसत होती तीच. नऊ वर्षांपूर्वी तिच्या लक्षात आलं की आपल्या खाचरात पूर्वी नांगराच्या सात काकऱ्या बसायच्या तिथे आता सहाच बसतात. आबाने बांध कोरला, असं ती चारचौघांत बोलली. आबा म्हणाला, मी फावडं लावलेलं न्हाई. त्या दिवसापासून दोघं एकमेकांशी बोलली नव्हती. चार घरांचं अंतर. भाऊ नसलेली बाई भाऊबीजेला चंद्राला ओवाळते, तशी मावशी भाऊ जिवंत असताना नऊ वर्षं चंद्राला ओवाळत होती.

हे मी डायरेक्टरांना एका दुपारी सांगितलं. चूक एवढीच झाली, की ते तेव्हा लाल खुर्चीत होते.

"मग? मग पुढे काय?" त्यांनी वहीच काढली.

पुढच्या आठवड्यापासून त्यांच्या मालिकेतल्या खाटकाने बहिणीच्या आलुबुखाराच्या बागेतलं कुंपण हातभर सरकवलं. बहीण बिअरचं हॉटेल चालवायची. भांडण झालं, बोलणं तुटलं, आणि नाताळच्या संध्याकाळी तिने जेवणाच्या टेबलावर भावासाठी एक रिकामं ताट मांडलं. त्यांच्या राजधानीतल्या, प्राहाच्या ऑफिसातल्या लोकांनी म्हणे हे वाचून डोळे पुसले. इतकं अस्सल तुम्हाला सुचतं कसं, असं चॅनलच्या बाईंनी फोनवर विचारलं. डायरेक्टर म्हणाले, "निरीक्षण."

नवा भाग लिहून झाला की ते मला तो वाचून दाखवायचे आणि माझ्या चेहऱ्याकडे बघायचे. मी संध्याकाळी मावशीला सांगायचो. मावशीला गोष्ट लय आवडली. "सोशीक बाई हाय," ती त्या बहिणीबद्दल म्हणायची, "आन भाऊ निस्ता चेंगट." असे तीन आठवडे गेले. रिकाम्या ताटाचा भाग सांगितला तेव्हा ती कमरेवर हात ठेवून माझ्यासमोर उभी राहिली. मला वाटलं, आता आमची दोघांची धडगत नाही. तिने विचारलं, "दिसाया कशी हाय ती?" मी मोबाइलवर त्या नटीचा फोटो शोधून दाखवला. भरल्या अंगाची, सोनेरी केसांची बाई, लाल गालांची. मावशीने तो फोटो शेजारणींना दाखवला. "ही मी," असं तिने सांगितलेलं मी माझ्या कानांनी ऐकलं आहे.

दसऱ्याच्या सुमाराला चॅनलच्या बाईंचा फोन आला. खाटकाचं काम करणाऱ्या नटाला मोठा सिनेमा मिळाला होता. महिनाअखेर त्याला मोकळं करायचं होतं, म्हणजेच मारायचं होतं. डायरेक्टरांना त्याचं काही विशेष वाटलं नाही. अकरा वर्षांत त्यांनी निम्मं गाव मारलं होतं. शीळ घालत त्यांनी खाटकाला ट्रॅक्टरखाली घातलं, बहिणीच्या नावाचं चिठोरं त्याच्या खिशात ठेवलं, तसं चॅनलला कळवलं आणि भाग मला वाचून दाखवला. मला तो पसंत पडला. संध्याकाळी मी मावशीला सांगायला गेलो.

मावशी तांदूळ पाखडत होती. सूप थांबलं.

"मारनार? कुनाला?"

"त्या खाटकाला, मावशी. नट चाललाय सोडून."

"खाटीक काय म्हंतोस? माझा भाऊ हाय त्यो."

ती उठली आणि तडक डायरेक्टरांच्या खोलीकडे गेली. डायरेक्टर सपातांकडे धावले; तिने लक्षच दिलं नाही, अनवाणी आत शिरली. "पाव्हणं, हितं ऱ्हाता, माझ्या हातचं खाता, आन माझ्या भावाला मारता व्हय?"

मी भाषांतर केलं. डायरेक्टर गोंधळले. "पण ही तर त्याच्याशी बोलतही नाही ना?"

मी तेही भाषांतर केलं. करायला नको होतं.

"बोलत न्हाई म्हंजे मेला पायजे का?" मावशीचा आवाज चिरकला. "त्यो ऱ्हायलाच न्हाई तर मी कुनाशी बोलायचं न्हाई मग?"

डायरेक्टरांनी मला हे वाक्य दोनदा सांगायला लावलं. पण ते वहीत लिहून घेतलं नाही. मी त्यांच्याबरोबर चार महिने काढले, तेवढं एकच चांगलं वाक्य त्यांनी लिहून घेतलेलं नाही.

पुढचे तीन दिवस पडवीत कथेची बैठक चालली. डायरेक्टर पर्याय काढायचे, मी भाषांतर करायचो, मावशी नाकारायची. मी क्वालिटीत दहा वर्षं काढली, पण असा कडक तपासनीस पाहिला नाही. खाटीक बेशुद्ध पडून दवाखान्यात? "उशापायथ्याला कोन बसनार? त्येची बायको तर सोताच दम्यानं बेजार." बायको आबाची दम्याने बेजार होती, खाटीक अविवाहित होता. कॅनडाला गेला? "म्हातारपनी?" स्मृती गेली? "म्हंजे बांध कोरल्यालं बी इसरला? असं बरं सुटल त्यो!" तुरुंगात? यावर मावशीने थोडा वेळ विचार केला, पण नाही म्हणाली.

शेवटी तिनेच तोड काढली. "त्येंना बोलाया लावा," ती म्हणाली. "येकदा बोलाया लागली म्हंजे संपलं. मग कोन बगतंय त्येंच्याकडं? त्यो आपला शेतात जाईल, दिसला न्हाई तरी चालंल."

डायरेक्टर थक्क झाले. एका पात्राला न मारता मालिकेतून काढायची ही युक्ती त्यांच्या धंद्यात कुणालाच सुचली नव्हती. त्या दिवशी दुपार असूनही ते मागच्या दारी स्टुलावर जाऊन बसले आणि तिथे त्यांनी मालिकेचा भाग लिहिला. पाठवला. प्राहाहून उत्तर आलं, ट्रॅक्टर कुठे आहे? त्यांनी कळवलं, ट्रॅक्टर नाही. पुन्हा उत्तर आलं. चौथ्या दिवशी दोन ओळींची मेल आली, की त्यांच्या अकरा वर्षांच्या योगदानाबद्दल चॅनल आभारी आहे आणि पुढचे भाग दुसरे लेखक लिहितील. डायरेक्टरांनी मला ती मोठ्याने वाचून दाखवली. मालिकेचे पैसे होते म्हणून त्यांची फिल्म होती, एवढं मला कळत होतं. मी म्हटलं, "अजून वेळ आहे. मारून टाका त्याला." ते म्हणाले, "कसा मारू? त्याची बहीण मला दोन वेळ जेवायला घालते."

मावशीला आम्ही एवढंच सांगितलं की तुमच्या म्हणण्याप्रमाणे लिहिलं.

दिवाळीला चार दिवस होते. भात कापणीला आलं होतं. सकाळची वेळ, कॅमेरा बांधावर लावलेला, पलीकडच्या खाचरात आबा एकटाच विळा घेऊन कापत होता. मावशी मागच्या दारात आली आणि डायरेक्टरांना विचारलं, "आदी कोन बोललं?"

"कुठे?"

"तुमच्या गोष्टीत. भाऊ आदी बोलला का भईन?"

डायरेक्टरांनी कागद काढून मला दाखवला. बोललं कुणीच नव्हतं. भाऊ कुंपणाच्या पलीकडे उभा राहतो, बहीण अलीकडे. दोघं एकमेकांकडे बघतात. बराच वेळ. तिथे भाग संपतो. स्टुलावर बसून लिहिल्याचा हा परिणाम. मी मावशीला सांगितलं.

"निस्ती बगत्यात?" मावशी भडकली. "नऊ वर्सं झाली, रोज बगतोय आमी. बगून कुटं जमलंय व्हय? येवडं शिकल्यालं मानूस, आन लिवता येत न्हाई! सरा तिकडं. असं बोलायचं असतंय, बगा!"

आणि पदर खोचून ती दारातून निघाली, खाचरातून तरातरा चालत थेट बांधावर जाऊन उभी राहिली. डायरेक्टरांना लिहायला शिकवायला निघालेली बाई. तिथे पोचेपर्यंत आपण कुणासमोर चाललोय हे तिच्या ध्यानातच आलं नसावं. पावलांचा आवाज ऐकून आबा ताठ उभा राहिला. हातात विळा तसाच. दोघांत सहा हातांचं अंतर.

मावशीने पदर पुन्हा खोचला. तिने एकदा मागे वळून आमच्याकडे पाहिलं, रागाने, जणू आम्हीच तिला ढकललं होतं. मग पुन्हा पुढे बघितलं.

"दादा," ती म्हणाली, "जेवलास का?"

आबाने विळा कमरेला खोचला, काढला, परत खोचला.

"न्हाई अजून," तो म्हणाला. आणि थोड्या वेळाने, "तू?"

मला रडू आलं, ते मी लपवत नाही. मी डायरेक्टरांकडे पाहिलं. ते कॅमेऱ्याला पाठ लावून उभे होते आणि त्यावरचा तांबडा दिवा विझलेला होता. मावशीने बांधावर पाय ठेवला तेव्हाच त्यांनी तो बंद केला होता. त्यांचं नाक लाल झालं होतं. भाताच्या धुळीने होतं असं, असं ते म्हणाले.

त्या भाऊबीजेला आबा लोकांसमक्ष येऊन पाटावर बसला. बांध कुणी कोरला हा विषय पुन्हा निघाला, चांगला मोठ्याने निघाला, पण जेवता जेवता.

डायरेक्टर महिनाअखेर परत गेले. सपातांचे सात जोड मावशीकडेच राहिले; ती त्यात बियाणं ठेवते. फिल्म पुढच्या वर्षी कुठल्याशा महोत्सवात लागली. फक्त तिघं उठून गेले, असं त्यांनी मोठ्या समाधानाने कळवलं. मी मोबाइलवर सगळी पाहिली, अठ्ठ्याहत्तर मिनिटं. बांध, गवत, पाणी, बगळा, पुन्हा बांध. त्या सकाळचं मावशी येण्याआधीचं थोडं चित्रण असेल, ते तरी ठेवायचं, असं मी लिहिलं. त्यांचं उत्तर आलं, "काढून टाकलं. काहीतरी घडणार असं वाटत होतं." सध्या ते दवाखान्याची एक मालिका लिहितात. तात्पुरती.

जाता जाता त्यांनी मला विमानतळावरून फोन केला होता. नव्या लेखकाने खाटकाला ट्रॅक्टरखाली घातलं होतं, अगदी ठरल्या दिवशी. चिठोऱ्यासकट. "तिला सांगू नकोस," ते म्हणाले. आवाज असा होता की जणू घरातलंच कुणी गेलंय.

मी सांगितलेलं नाही. मला पुढे चाकणला नोकरी लागली, पण आठवड्याच्या सुट्टीला घरी आलो की मावशीकडे चक्कर असते. आबाही पुष्कळदा पडवीत बसलेला असतो, त्याच लाल खुर्चीत. तिकडच्या गोष्टीत काय चाललंय, असं मावशी विचारते, आणि तो कान देऊन ऐकतो. पहिल्या वेळी मी अडखळलो. आता अडखळत नाही.

"त्यो भाऊ बरा हाय न्हवं?" परवाच तिने विचारलं.

"बरा आहे, मावशी. गुडघा दुखतोय थोडा. बहीण तेल लावून देते."

"लावंल न्हाई तर काय," मावशी म्हणाली आणि आबाच्या पुढ्यात चहा ठेवून आत गेली.